करपलेली फाईल

शेवटच्या दिवशी आम्ही दोघांनी मिळून फायली निवडल्या. मंगळवार होता, आणि मंगळवारी दुपारची जेवणं झाली की फायली निवडायच्या हा आमच्या घरातला नियम. बायका तांदूळ निवडतात, डाळ निवडतात. आमची शालन कॉम्प्युटरातल्या गेमच्या फायली निवडायची.

निवडायचं म्हणजे एक बटण दाबायचं. मग कॉम्प्युटर त्या गेमच्या हजारभर फायली एकेक करून तपासतो, बिघडलेली सापडली की कंपनीकडून नवी मागवतो आणि तिच्या जागी बसवतो. पडद्यावर नुसते टक्के वाढत जातात. ते बघत बसायला कुणी सांगितलेलं नाही. पण ही चष्मा पुसून बसायची, पुढ्यात सूप घेतल्यासारखी. त्या दिवशी तिला चहा ठेवायचा होता, म्हणून मला खुर्चीत बसवलं आणि म्हणाली, "नव्वद झालं की हाळी द्या." नव्वदला मी हाळी दिली. ती आली, वाकून बघितलं, म्हणाली, "एक बी खडा न्हाई." आम्ही चहा प्यालो. जरा पडते म्हणून ती पडली. दिवेलागणीला उठवायला गेलो तर उठली नाही.

आता ती कशी होती ते सांगतो. मी कसा वागलो तेही त्यातच येईल. मला ते गाळून सांगता येईना, दोनदा करून बघितलं.

आमचं गाव कवठे महांकाळच्या अलीकडं. पाऊस असला तर असला. शालन माहेरची साताऱ्याकडची, बारमाही पाण्यावर वाढलेली. इथं येऊन चाळीस वर्षं ती आभाळाकडं बघत राबली आणि मग गुडघे गेले. सांगलीला ऑपरेशन केलं. डॉक्टर म्हणाले, शेत बंद. आमची लेक नंदा साताऱ्यात असते, हापिसात कॉम्प्युटरवर काम करते. तिनं आपला जुना कॉम्प्युटर आणून दिला, त्यात शेतीचा एक गेम घातला आणि आईला दाखवून गेली. आईचं मन रमेल म्हणाली.

एका हंगामात हिनं पडद्यावर सहा एकर रान नांगरलं. विहीर पाडली, गोठा बांधला, मका केला. मी म्हणालो, "खरं रान भायेर पडलंय आन् तू काचंत नांगरतीस व्हय गं?"

तर म्हणते, "तितं पाऊस वेळंवर पडतूय."



ही सातवी शिकलेली, मी तिसरीत शाळा सोडली. त्यामुळं घरात कागदपत्र तिच्याकडं आणि आवाज माझ्याकडं. नंदानं फोनवर तिला एक मंत्र दिला होता. गेमच्या फायली बिघडल्या तर कंपनी परत देते, पण आपण केलेली शेती ज्या फायलीत असते ती आपली आपण सांभाळायची. ही म्हणाली, "म्हंजी सातबारा." नंदा म्हणाली, हो, सातबारा. त्याला हात लावायच्या आधी त्याची कॉपी काढायची. झालं. "आदी कॉपी, मग हात," हे शालननं इतकं मनावर घेतलं की घरात सगळ्याचं दुसरं आलं. दोन चष्मे, कुलपाच्या दोन किल्ल्या, रेशनकार्डाच्या झेरॉक्सची झेरॉक्स. एकदा पुरणपोळी करायच्या आधी हिनं एक साधी चपाती करून बाजूला ठेवली. का, तर पुरण फुटलं तर जेवायला काहीतरी असावं.

शेतीची कॉपी एका पेन ड्राईव्हवर होती. तो ती हळदीच्या डब्यात पुरून ठेवायची. व्हायरस म्हणजे कीड, असं तिला कुणीतरी सांगितलेलं. कीड लागू नये म्हणून हळद. नंदा आली की तो पिवळा पेन ड्राईव्ह फडक्यानं पुसताना हसून बेजार व्हायची. शालन म्हणायची, "हास. पर लागली का कीड?" लागली नव्हती.

आता बैलाचं. गेममध्ये तिनं एक बैल घेतला. परदेशी जातीचा, वशिंड नसलेला. बैलाला नाव द्यावं लागतं आणि ते इंग्रजी अक्षरांत त्याच्या डोक्यावर दिसतं. मला इंग्रजी वाचता येत नाही. आमच्या शेजारी बापू राहतो, पलटणीतून रिटायर झालेला, त्याला येतं. तो खुरपं मागायला आला, पडद्याकडं बघून थांबला आणि हसायला लागला. बैलाचं नाव निवृत्ती होतं. माझं.

मी तिला म्हणालो, "चाळीस वर्षांत कवा नवऱ्याचं नाव घेतलं न्हाईस, आन् बैलाला दिलंस?"

"त्वांडानं कुटं घेतलंय?" ती म्हणाली. "बोटानं लिवलंय." मग मका भरडत, माझ्याकडं न बघता म्हणाली, "खऱ्या रानात तुमी कायम धा पावलं म्होरं. हितला निवृत्ती तरी माझ्या संगं चालतूय."

तेवढ्यावर मी गप्प बसायला हवं होतं. पण दुसऱ्या दिवशी सकाळी डेअरीवर दूध घालायला गेलो तर बापूनं सगळ्या रांगेला सांगितलेलं. एकजण म्हणाला, "निवृत्ती, वशिंड कुटं ठिवलंस गड्या?" रांग हसली. मी रिकामी किटली घेऊन घरी आलो. शालन मागच्या दारी धुणं वाळत घालत होती. पडद्यावर एक चाक गरगरत होतं. ते चाक फिरतं तेव्हा गेम सातबारा लिहीत असतो, त्या वेळी हात लावायचा नाही, हे मला माहीत होतं. तिनंच दहा वेळा सांगितलेलं. मी बोर्डातली पिन ओढली.

मग भानावर आलो आणि पिन परत लावली. ती आत आली. "काय झालं वं?"

"लाईट गेलती," मी म्हणालो. "आली परत."

तिनं कॉम्प्युटर चालू केला. गेम उघडला, शेती उघडेना. नंदाला फोन लावला. नंदा पलीकडून म्हणाली, आई, फाईल करप्ट झाली. शालननं फोन छातीशी धरला आणि मला म्हणाली, "अवं, फाईल करपली."

डब्यातली कॉपी चार महिन्यांपूर्वीची निघाली. मधे गुडघ्याचं दुखणं परत उठलेलं, त्यात नवी काढायची राहून गेलेली. नंदा म्हणाली, जुनी घे आणि तिथून पुढं खेळ. ही ऐकेना. म्हणाली, "भाकरीची कड करपली तर कड काढून खात्यात. आख्खी भाकर कुत्र्याला घालत्यात व्हय?"

मग अकरा दिवस ती त्या फायलीपुढं बसली. ती फाईल उघडली की आत ओळीच ओळी असतात, इंग्रजी अक्षरं आणि कंस. तिला त्याचा अर्थ कळत नव्हता, पण एक गोष्ट नंदानं समजावलेली की जो कंस उघडला तो पुढं कुठंतरी बंद झाला पाहिजे. शालनच्या भाषेत, गोठ्याचं दार उघडलं तर लावायचं. मी मधेच पिन ओढल्यामुळं शेवटची बरीच दारं उघडी राहिलेली. ती एका बाजूला जुनी कॉपी लावायची, दुसऱ्या बाजूला करपलेली, आणि फूटपट्टी पडद्यावर ठेवून ओळीला ओळ मिळवायची. वहीत बरोबरची खूण करायची. आधी कॉपी, मग हात. मी चहा करून पुढ्यात ठेवायचो आणि तो गार व्हायचा. दारं मोजताना तिचे ओठ हलायचे. एवढं बघूनही माझ्या तोंडातून खरं बाहेर आलं नाही.

बाराव्या दिवशी शेती उघडली. विहीर होती, मका होता. बैल होता, पण बिननावाचा, कारण नाव शेवटच्या भागात होतं आणि तो भाग बैल घ्यायच्या आधीच्या जुन्या कॉपीतून आणलेला. तिनं त्याला नवीन नाव दिलं. मी बापूला गुपचूप बोलावून वाचून घेतलं. अवं.

खरी लाज याच्या पुढं आहे.

लाईट गेली म्हटल्यावर दोष वायरमनवर येतो. आमचा वायरमन दिलीप, गावातलाच, कंत्राटावरचा. फाईल करपली त्याच्या दुसऱ्या दिवशी शालन काठी टेकत डेअरीवर गेली आणि साऱ्या रांगेपुढं त्याला म्हणाली, "दिल्या, तुज्या लायटीनं माझा बैल गिळला." दिलीपनं खाली मान घातली आणि म्हणाला, "चुकलं काकी." मी शेजारीच उभा. मला वाटलं, गरीब आहे बिचारा, न केलेलंही कबूल करतो. त्या दिवसापासून गावात त्याचं नाव बैलखाऊ पडलं. खांबावर चढला की खालून पोरं विचारायची, आज कुणाचा बैल? घरी येऊन मी पोटभर जेवलो. दोन दिवसांत पहिल्यांदा.

पुढं उन्हाळ्यात लाईट खरंच जायला लागली. गावानं कवठ्याच्या विजेच्या हापिसात तक्रारीचा अर्ज केला. बापूनं लिहिला, आणि वजन यावं म्हणून त्यात घातलं की वायरमन दिलीपच्या हयगयीनं आमच्या घरचा कॉम्प्युटर बिघडला. मला विचारलं, "खरं हाय न्हवं आप्पा?" मी सही केली. नसती केली तर लोकांनी का म्हणून विचारलं असतं.

शालन गेली तेव्हा लाकडं दिलीपनं आणली. तेराही दिवस तो येत होता. तेराव्याला पाहुणे गेले, नंदा आत भांडी लावत होती, तो मांडवातली वायर गुंडाळत होता. मी त्याला ओट्यावर बसवलं.

"दिलीप, त्या दिवशी लाईट गेली नव्हती. पिन मी वढली हुती."

"ठावं हाय आप्पा," तो म्हणाला. वायर गुंडाळायचा थांबला नाही.

"कुणी सांगितलं?"

"काकींनी. त्याच सांजंला फोन केलता. म्हणल्या, शेजारची गिरण चालूच हुती, लाईट कुटली जातीया. ह्यांचाच हात झालाय. आता त्वांड पाडून बसल्यात, जेवत न्हाईत. उद्या तुला चार माणसांत बोलीन, तेवढं ऐकून घे. म्हंजी ह्यांना वाटंल खपलं."

मी गिरणीकडं बघितलं. भिंतीला भिंत आहे. पिन काढताना, लावताना, खोटं बोलताना ती शेजारी धडधडत असणार. रोजचा आवाज, मला ऐकूच आला नव्हता.

"आन् तू ऐकून घेतलंस."

"काकींनी आदी इचारलं हुतं की. न इचारता बोलणारी लय हायत गावात."

मी अर्जाचं विचारलं. त्यानं वायरीचं भेंडोळं खाली ठेवलं. मग म्हणाला, अर्ज त्याच्या फायलीला लागलाय. लाईट जाते हे साऱ्यांचंच होतं, त्याचं साहेबांना काही नाही. कॉम्प्युटरचं तेवढं नावानिशी आहे, आणि त्याला नोकरीत कायम करायच्या वेळी ते आडवं येणार.

"काकी आल्या हुत्या हापिसात," तो म्हणाला. "साहेबास्नी म्हणल्या, ते खोटं हाय, काढा. साहेब म्हणले, ज्यानं सही केली त्यानं लिवून द्याया पायजे."

"मग मला का न्हाई सांगितलं?"

"मीबी तेच इचारलं. म्हणल्या, ह्यांना सांगायचं म्हंजी मला सगळं ठावं हाय हे सांगावं लागंल. सवड बघून सांगती."

मला तो दिवस आठवला. गुडघा दाखवायला कवठ्याला जाते म्हणून ती एकटीच एसटीनं गेली होती. आली ती दोन दिवस पाय शेकत बसली. मी म्हणालो होतो, असला कसला डॉक्टर, दुखणं वाढवून पाठवतो.

"हापिस वरच्या मजल्याला हाय का रं?" मी विचारलं.

"दुसऱ्या," दिलीप म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी डेअरीवर गेलो. रांगेत उभा राहून सांगितलं की त्या दिवशी लाईट गेली नव्हती, पिन मी ओढली, आणि दिलीपचा काही दोष नाही. कुणी हसलं नाही. एकानं विचारलं, का वढली? मी म्हणालो, तुमी हसला म्हणून. माप घेणारा म्हणाला, "आप्पा, किटली म्होरं घ्या, मागं माणसं हायत."

बापूला धरून दुसरा अर्ज लिहून घेतला. त्यानं विचारलं, कारण काय घालू? मी म्हणालो, खोटं बोललो, एवढंच घाल. सही केली, आणि दहाच्या एसटीनं कवठ्याला गेलो. हापिसाचा जिना अरुंद आहे, पायऱ्या उंच. माझे गुडघे धड आहेत. तरी मी मधे दोनदा थांबलो.