ठिपकीची पसंती

जिल्ह्याच्या शहरात, विश्रामबागेतल्या त्या छोट्या स्टुडिओत काचेपलीकडे उभं राहून कानाला हेडफोन लावले आणि डोळे मिटले, की आपण कुठे आहोत याचं भान क्रांती बंडगरला राहत नसे. कवठे महांकाळचा उघडा माळ मागे पडे. समोर भलंमोठं मैदान येई, मैदानभर मोबाईलचे दिवे डुलत आणि त्या दिव्यांवरून आपला आवाज धुक्यासारखा तरंगत जाताना तिला दिसे. नेमका तेव्हाच हेडफोनमधून रेकॉर्डिंग करणारा विश्वजित बोले.

"झालं बघा, म्याडम. बाकीचं मी मशीनवर सरळ करतो."

"बाकीचं म्हणजे किती रे?"

"लय न्हाई," विश्वजित अदबीनं सांगे. "सूर तेवढा."

क्रांती मुळात नटी. साताऱ्याजवळच्या एका बंगल्यात चाललेल्या मालिकेत तिनं सात वर्षं दुष्ट जावेचं काम केलं होतं. ते इतकं उत्तम केलं, की आठवडी बाजारात भाजीवाल्या बायका तिला कोथिंबीर देताना "धाकटीला छळू नगं गं बाई" असं बजावून देत. मग एके दिवशी लेखकांना कंटाळा आला आणि त्यांनी जावेला गाडीसकट घाटात ढकलून दिलं. क्रांती घरी आली. पुढचे चार महिने काम नव्हतं, म्हणून वडिलांच्या मेंढरांमागे रोज माळावर जाऊ लागली. उन्हं कलली, की लहानपणी धोंडुबाई आजीनं शिकवलेली हाळी ती घाली, "हूऽऽऽ, ये गं, ये ये येऽऽऽ." ती ऐकली, की आधी ठिपकी मान वर करी. ठिपकी म्हणजे कळपाची म्होरकी. क्रांतीनंच एका सुट्टीत बाटलीनं दूध पाजून तिला जगवली होती. ठिपकी निघाली, की मागून दोनशे मेंढरं निघत. सोनेरी धुळीतून ती पांढरी-काळी लाट आपल्याकडे येताना बघून क्रांतीला मैदानातले श्रोतेच दिसत. तिथेच तिच्या मनानं घेतलं, की आता आपण गायचं.

तिची दोन गाणी आली. लाखो लोकांनी बघितली. खाली लिहिणाऱ्यांनी मात्र "जाऊबाई दिसताय छान, मशीन गातंय छान" असं लिहिलं. ते तिनं पचवलं. पचलं नाही ते वडिलांचं बोलणं. आप्पासोंनी मोबाईल कानाला लावून गाणं शेवटपर्यंत ऐकलं, मोबाईल परत दिला आणि म्हणाले, "गाणं झ्याक हाय. पर क्रांते, ह्यात तू कुठं हायस?"



तिसरं गाणं होतं 'माळावरची सांज'. रेकॉर्डिंगच्या वेळी तंद्रीत तिच्या तोंडून गाण्याआधी आजीची हाळीच निघून गेली. विश्वजितला ती फार आवडली. त्यानं ती गाण्याच्या सुरुवातीला ठेवली आणि सवयीप्रमाणे सरळ केली. पुण्याच्या गाणी काढणाऱ्या कंपनीतून प्रांजल नावाची मुलगी आली, तिनंही गाणं ऐकून मान डोलवली. "दहा गाण्यांचा करार करू. फक्त एक कार्यक्रम समोर बसून बघते, मग सही."

त्याच दिवशी मालिकावाल्यांचा फोन आला. प्रेक्षकांच्या आग्रहास्तव जाऊ परत येणार होती.

"पण मी मेले ना?" क्रांती म्हणाली.

"म्हणून तर भूत होऊन यायचं. सोमवारपर्यंत कळवा. पांढरी साडी असेल तर घेऊन या."

 माणसाला निदान घाटात ढकलता येतं. भुताला मारताही येत नाही. म्हणजे यातून सुटकाच नाही. करार झाला तर गाणं, नाही तर आयुष्यभर पिंपळ.

कार्यक्रम ठरला तो रविवारी, कवठे महांकाळच्या बेदाणा महोत्सवात. आयोजक आकारामतात्या आप्पासोंचे जुने स्नेही. तात्यांचं रान मैदानाला लागूनच होतं आणि खतासाठी त्या रानात मेंढरं बसवायची आप्पासोंची पाळी नेमकी त्याच रविवारी होती. दिलेला शब्द मोडायचा नाही, म्हणून आप्पासोंनी सकाळीच तिथं वाघरीचं जाळं ताणून मेंढरं आत घातली होती.

दुपारी स्पीकर लावून बघताना गाण्यातली क्रांतीची हाळी अख्ख्या मैदानात घुमली. अंगावर काटा आला तिच्या. तिनं अपेक्षेनं रानाकडे पाहिलं. दोनशे मेंढरं खाली माना घालून रवंथ करत होती.

"एकीनं बी मान वर केली न्हाई," आप्पासो म्हणाले.

"आवं आप्पा, माजाच आवाज हाय त्यो!"

"असंल. पर मेंढरास्नी म्हाईत न्हाई त्ये."

क्रांती तिथून निघाली. मंडपामागच्या खुर्चीवर जाऊन बसली आणि पांढरी साडी घरात नक्की कुठल्या ट्रंकेत आहे ते आठवू लागली.

पाच वाजता मैदान भरलं. दोन्ही बाजूंना बेदाण्याचे ढीग मांडलेले स्टॉल, समोर खुर्च्या, पहिल्या रांगेत मांडीवर कराराची फाईल घेतलेली प्रांजल. ठरल्याप्रमाणे विश्वजितनं लॅपटॉपवर गाणं सुरू केलं आणि क्रांतीनं माईक ओठांशी नेला. ओठ हलवणं हा तर तिच्या हातचा मळ. संध्याकाळचं ऊन तिच्या चेहऱ्यावर पडलं होतं, लोक डोलत होते, ते स्वप्नातलं मैदान अगदी हाताशी आलं होतं.

साडेपाचला एका फटक्यात सगळं गप्प झालं.

क्रांतीचे डोळे मिटलेले. तिचे ओठ आणखी दोन ओळी हलत राहिले.

"जाऊबाई, आवाज कुठं गेला?" मागून कुणीतरी ओरडलं.

"लायटीसंगं गेला!" दुसऱ्यानं सांगितलं, आणि मैदान हसून हसून लोटपोट झालं.

विश्वजित धावत तात्यांकडे गेला. "तात्या, जनरेटर लावा की!"

"कसला जनरेटर? इहिरीवरच्या मोटारीची लाईट हाय की. शेतीच्या लायटीची ह्या हप्त्यात दिवसपाळी हाय, म्हणून तीच वडली."

"दिवसपाळी किती वाजंपतूर?"

तात्यांनी घड्याळ पाहिलं आणि त्यांचा चेहरा पडला. समोरच्या हजारभर शेतकऱ्यांना हे मघाशीच कळलं होतं. शेतीची वीज पाळ्यांनी मिळते आणि दिवसपाळी साडेपाचला संपते, हे तिथल्या पोराटोरांना पाठ असतं.

प्रांजलनं फाईल मिटली. ते क्रांतीनं पाहिलं. आता पिंपळ नक्की. भीतीनं तिला गाण्याचा एक शब्द आठवेना. आणि आपण कुठे उभे आहोत हेच जणू विसरून, कलत्या उन्हाकडे बघत तिनं तोंड उघडलं. त्या वेळेला रोज जे यायचं तेच बाहेर पडलं.

"हूऽऽऽ, ये गं, ये ये येऽऽऽ!"

आवाज थोडा फाटला, थोडा कापला. कुठूनच सरळ नव्हता. रानात ठिपकीनं मान वर केली.

आप्पासो "आगं, आगं" म्हणेपर्यंत वाघर आडवी झाली होती. गळ्यातली घंटा वाजवत ठिपकी पुढे आणि मागे दोनशे मेंढरं मैदानात शिरली. खुर्च्या उलथ्या झाल्या. पाहुण्यांसाठी आणलेले हार गेले, पुष्पगुच्छ गेले, बेदाण्याच्या पहिल्या स्टॉलचा कोपरा गेला. प्रांजल खुर्चीवर चढली, पण फाईल खालीच राहिली. एका मेंढीनं ती वास घेऊन पसंत केली आणि दहा गाण्यांचा करार पानापानानं खाऊ लागली. क्रांती घाबरून गप्प झाली. ती गप्प होताच कळप चहूबाजूंना पांगला.

"थांबू नगंस!" गर्दीतून आप्पासो ओरडले. "गात ऱ्हा, क्रांते! न्हाईतर समदी बेदाण्यात घुसतील!"

"काय गाऊ, आप्पा?"

"कायबी गा! आवाज तेवढा तुजा असू दे!"

मग क्रांती गायली. आधी हाळी, मग 'माळावरची सांज', मग पहिली दोन गाणी, मग आजीच्या जात्यावरच्या ओव्या. माईक नाही, लाईट नाही, मशीन नाही. मेंढरं हळूहळू वळली आणि स्टेजसमोर गोळा होऊन तिच्याकडे तोंड करून उभी राहिली. त्यांच्या पाठींवर उन्हाची सोनेरी धूळ बसत होती. पडलेल्या खुर्च्या सरळ करून लोक पुन्हा बसले, आणि ज्यांना जागा मिळाली नाही ते मेंढरांतच उभे राहिले. हसणं कधी थांबलं ते कुणालाच कळलं नाही. श्वास घ्यायला ती थांबली, की तेवढी ठिपकीची घंटा वाजे. क्रांतीला वाटलं, आपण डोळे मिटलेत म्हणून हे दिसतंय. मग लक्षात आलं, की डोळे उघडे आहेत.

तासाभरानं आप्पासोंनी वाघर पुन्हा ताणली आणि गाणं संपलं. प्रांजल खुर्चीवरून उतरली. तिचे डोळे ओले होते.

"करार नव्याने छापावा लागेल," ती म्हणाली. "त्यात एक अट घालते. मशीन लावायचं नाही."

सोमवारी क्रांतीनं मालिकावाल्यांना फोन करून दुसरं भूत शोधायला सांगितलं.

पंधरा दिवसांनी विश्रामबागेत 'माळावरची सांज' पुन्हा रेकॉर्ड करायचं ठरलं. आप्पासो आयुष्यात पहिल्यांदा स्टुडिओत आले. धुतलेलं धोतर, पटका, आणि दोरीला ठिपकी.

"आप्पा, हिला कशाला?" क्रांती चकित झाली.

"ती ऐकंल," म्हणून आप्पासो विश्वजितच्या शेजारची खुर्ची ओढून बसले. ठिपकीला त्यांनी काचेजवळ उभी केली.

क्रांती आत गेली, डोळे मिटले, हाळी घातली आणि गाणं म्हटलं. जीव ओतून म्हटलं. गाणं संपलं तेव्हा प्रांजलनं टाळ्या वाजवल्या. विश्वजितनं सवयीनं मशीनकडे नेलेला हात मागे घेतला आणि म्हणाला, "म्याडम, ह्याला हात लावायचं धाडस मला तरी न्हाई."

आप्पासो मात्र ठिपकीकडे बघत होते. ठिपकी खाली मान घालून आवाज शोषायला भिंतीला लावलेला स्पंज खात होती.

"परत," आप्पासो म्हणाले.

"आवं आप्पा, समद्यास्नी आवडलं की!"

"समद्यास्नी आवडू दे. तुला ह्याच्यापरास चांगलं येतंय. मी माळावर ऐकलंय रोज, झाडाआड बसून."

काचेपलीकडे क्रांतीनं मनातल्या मनात मोजलं. रोज, म्हणजे चार महिने. मग तिनं डोळे पुसले, हेडफोन नीट बसवले आणि विश्वजितला खूण केली.

त्या दिवशी आप्पासोंनी तिला अकरा वेळा 'परत' म्हटलं, आणि अकराही वेळा ती हसत हसत गायली.