दारावर आपटण्याची कला

प्रसिद्ध माणूस दिसताक्षणी ओळखणं हे प्रत्येक नागरिकाचं कर्तव्य आहे. हे कर्तव्य काही जण अतिउत्साहाने पार पाडतात, म्हणून १९४८ साली हॉलिवूडमध्ये ऑर्विल प्रेंटिसने त्यांच्यावर एक लघुपट काढला. मुख्य चित्रपटाआधी दाखवायचे दहा मिनिटांचे विनोदी लघुपट, हाच त्याचा धंदा. लिहायचा तोच, आणि त्यातला मूर्खही तोच. या खेपेचा मूर्ख एका नटाकडे बघत चालता चालता दारावर आपटतो. स्वतः ऑर्विल असल्या मोहापासून पूर्ण मुक्त होता. (स्वतःबद्दलची कात्रणं त्याने फक्त एका ट्रंकेत मावतील एवढीच ठेवली होती.)

एका शनिवारी दुपारी तो बायकोला, लुसीलला, घेऊन नटमंडळींच्या हॉटेलात जेवायला गेला. तिथलं सूप बरं असतं, असं त्याने तिला सांगितलं होतं. सूप येतं न येतं तोच ओहायोच्या एक बाई सह्यांची वही घेऊन टेबलाशी उभ्या राहिल्या.

"दारावर आपटतात ते तुम्हीच ना? आमच्या गावात लोक पोट धरधरून हसले."

ती थट्टा वह्या घेऊन फिरणाऱ्यांचीच आहे, हे ऑर्विलने त्यांना नीट समजावलं. बाईंना ते पटलं. असली माणसं आमच्याकडेही पुष्कळ आहेत, असं म्हणून त्यांनी एकदा आपटून दाखवायची विनंती केली.

"सूप निवतंय," लुसील म्हणाली.

कलावंताच्या प्रतिष्ठेचा ऑर्विलने चार सेकंद विचार केला आणि तो उठला. स्टुडिओतलं दार पुठ्ठ्याचं होतं, हे भक्कम ओक लाकडाचं. तो आपटला. दोन टेबलांवरून टाळ्या आल्या. बाई मात्र नेमक्या त्याच वेळी खिडकीतून, मोटारीतून उतरणाऱ्या एका बड्या नटाकडे बघत होत्या. माझं बघायचं राहिलं, पुन्हा कराल का, असं त्यांनी विचारलं. ऑर्विल पुन्हा दाराकडे निघाला, आणि बाहेरून त्या नटाने दार ढकललं.

नाक मोडलं. नटाने आपल्या रुमालाने रक्त टिपलं, ऑर्विलच्या पाठीवर थोपटलं आणि बाईंच्या वहीत सही केली.

घरी नाकावर बर्फ धरून ऑर्विलने एवढंच विचारलं, "त्याने मला ओळखलं का गं?"

लुसीलला खोटं बोलता येत नसे. "प्रेस्टन म्हणाला तुला."

"जवळपासच आहे," ऑर्विल म्हणाला. नटाचा तो रुमाल त्याने धुवू दिला नाही.

ही हकिकत ऐकून आजवर प्रत्येकाने एकच प्रश्न विचारला आहे, तो नट कोण होता? तुमच्याही ओठांवर तोच असणार, म्हणून सांगून टाकतो: नाक कायमचं वाकडं राहिलं.