साखरबाईंच्या आमटीचं माप

अपेक्षानं आमटीच्या मसाल्याचं पाकीट काट्यावर ठेवलं, तेव्हा साळूकाकींनी दारातूनच कपाळाला हात लावला.

"आगं, आमटी हाय का सोनं? मापून काय टाकतीस?"

"पाकिटावर लिहिलंय, काकी. लिटरला वीस ग्रॅम."

लग्नाआधी अपेक्षा सणसवाडीच्या एका कंपनीत क्वालिटी खात्यात होती. मापाशिवाय तिला चहासुद्धा करवत नसे. आणि आज तर माप चुकून चालणारच नव्हतं. सासूबाई साखरबाईंचं वर्षश्राद्ध होऊन गेलं होतं आणि आज त्यांचं पहिलं पितर होतं. कोरेगाव भीमाची सगळी भावकी जेवायला यायची होती. आमटी बिघडली, तर इथून पुढं सणावाराचं स्वयंपाकघर आपल्या ताब्यात, असं चुलत सासू साळूकाकींनी चारचौघांत जाहीर करून टाकलं होतं. त्यात पितराचा स्वयंपाक चाखायचा नसतो. कावळा शिवेपर्यंत पळीला जीभ लावायची नाही. बिचारीची सगळी भिस्त त्या काट्यावर.

पंधरा लिटर पाण्याला तिनं तीनशे ग्रॅम मसाला घातला. उरलेलं पाकीट काट्यावरच राहिलं. काटा दोनशे दाखवत होता. ती मागच्या अंगणात वडे तळायला गेली.

परत आली तेव्हा काट्यावर एकशेसाठ होते.

स्वयंपाकघरात कुणीही नव्हतं. खिडकी बंद होती, तरी भिंतीवरच्या साखरबाईंच्या फोटोचा हार हळूच हलत होता. अपेक्षानं तुपाचा डबा काट्यावर ठेवून पाहिला. काटा ठीक होता. ती वड्यांचा दुसरा घाणा काढून आली, तर काट्यावर एकशेदहा. आणि पातेल्यावरचं झाकण उलटं घातलेलं. झाकण उलटं घालायची सवय या घरात एकाच बाईची होती.

पितर आजच्या दिवशी घरी येतात, हे तिनं लहानपणापासून ऐकलं होतं. पण येऊन स्वयंपाकात हात घालतात, हे कुणी सांगितलं नव्हतं. बोलायचं तरी कुणाजवळ? काकींना तेवढंच निमित्त पुरलं असतं. तिसऱ्यांदा ती आत आली, तेव्हा काट्यावर सत्तर होते आणि आमटीवर लालभडक कट चढला होता. कुठं काही वाजत नव्हतं, फक्त आमटी रटरटत होती.

तिनं फोटोपुढं हात जोडले. "आत्याबाई, तुमचाच स्वयंपाक आहे. पण पंधरा लिटरला तीनशेच लागतो हो."

फोटो काही बोलला नाही.

पत्र्यावर घास ठेवला, तसा कावळा लगेच शिवला. एक चोच मारली आणि थेट मोरीतल्या बादलीवर जाऊन बसला.

"आई पावली!" अपेक्षाचा नवरा दत्ता ओरडला.

पंगत बसली. पहिल्या भुरक्याला ठसके लागले, दुसऱ्याला नाकं वाहू लागली. अपेक्षा दाराआड भिंतीला टेकून उभी होती. संपलं सगळं, असं तिला वाटलं. तेवढ्यात भावकीतले सगळ्यात वडील बाळासो डोळे पुसत म्हणाले, "आरं, ही तर साखरवहिनीचीच आमटी! जशीच्या तशी!"

"व्हय व्हय! तोच जाळ!" सगळी पंगत कबूल झाली आणि आणखी वाढा म्हणाली.

भावकी पांगली, पण साळूकाकींना ते कौतुक काही पचेना.

"हिची कशाची आमटी! मसाला म्या टाकलाय मूठभर!"

"तू?" सासरे आबा ओसरीवरून आत आले. "टाकला तर म्या. दोनदा. पयल्यांदा टाकला का न्हाई, त्ये ध्यानातच ऱ्हाईना."

अपेक्षानं वळून काट्याकडे पाहिलं.

"पोरी, तुझी आमटी फिकी व्हईल म्हून टाकला," आबा म्हणाले. "साखरच्या येळंलाबी टाकायचो, घाईत झाकण उलटं पडायचं. माझी आई तिला फिकी म्हून लई बोलायची."

काकींचा आवाज उतरला. "आन् म्याबी टाकायची, आबा. तिची बिघडावी म्हून. ती दर साली मसाला कमी कमी घालायची, तरी आमटी जाळच. मला म्हणायची, साळे, ह्या घरातल्या पितरांना तिखाट लई लागतं बघ."

तिघांनीही फोटोकडे पाहिलं. आयुष्यभर हाताची तिखट म्हणून नाव पडलेली ती बाई शांतपणे समोर बघत होती.

"उद्या पाकिटावर हाय तशीच कर," आबा म्हणाले. "आमी दोघं अंगनात बसतो."

दुसऱ्या दिवशी अपेक्षानं माणसं मोजून मसाला मापला. काकी अंगणात हाताची घडी घालून मुकाट बसून राहिल्या. आबांनी भाकरी कुस्करली, एक घास घेतला आणि त्यांच्या डोळ्यांना धार लागली.

अपेक्षा घाबरली. "आबा, आजपण तिखट झाली?"

"न्हाई गं." त्यांनी उपरण्यानं तोंड पुसलं. "लगीन झाल्यावर पयल्या पितराला अशीच केलती तिनं. आई फिकी म्हणली, आन् म्याबी मान हलवली."

मग त्यांनी वाटी पुढं केली. "वाढ."