टिटवीआजींची राष्ट्रीय उचकी

एका जंगलात भांडण चाललं होतं. मुलांनो, मधूनच सांगते. भांडण कुणाला पहिल्यापासून ऐकायला मिळालंय?

"उचकी द्या, नाहीतर जंगल सोडा," सांस्कृतिक मंत्री गवा म्हणत होता.

"अरे गव्या, गाणं माझं आहे," टिटवीआजी म्हणाल्या. "मीच रचलंय. त्यात उचकी नाही."

"तुमचं होतं तेव्हा नसेल. आता ते राष्ट्राचं आहे. राष्ट्राच्या गाण्यात आहे."

झालं होतं असं. आजींनी तरुणपणी एक बंदिश रचली. वाघराजासमोर पहिल्यांदा गायल्या, तेव्हा नेमकी समेवर त्यांना उचकी लागली. राजाने मान डोलावली. दुसऱ्या दिवशी ते राष्ट्रगीत झालं. उचकीसकट.

मग काय विचारता. शाळेत पिल्लांना उचकीचा तास. घोरपडीला उचकी जमेना, तर तिला उलटं टांगून शिकवली. हत्ती उचकी देई तेव्हा झाडाखाली जांभळांचा सडा पडे. वेशीवर वानरं बसली. आत येणाऱ्याने समेपर्यंत गायचं. उचकी दिली तर आपला. नाही दिली तर पलीकडच्या जंगलाचा.

त्या सकाळी आजी वेशीबाहेरच्या ओढ्यावर अंघोळ करून परतल्या. वानराने गायला सांगितलं. आजी सुरेख गायल्या, पण उचकीशिवाय. वानराने तिथेच अडवलं. पन्नास वर्षांचं घर आत आणि आजी बाहेर. मग गव्याला बोलावणं गेलं.

"आजी, हट्ट सोडा," गवा जरा खालच्या आवाजात म्हणाला. "एकच उचकी. खोटी चालेल. आम्ही सगळे खोटीच देतो."

"एक वेळ बेसूर गाईन. खोटं गाणार नाही."

"अहो, ती काय साधी उचकी होती? कुणी आठवण काढली की उचकी लागते, हे शेंबडं पोरही सांगेल. तुमची आठवण साक्षात मायभूमीने काढली. पाठ्यपुस्तकात धडा आहे तसा. चित्रासकट."

जमलेल्या जनावरांनी डोळे मिटून एकेक उचकी दिली.

आजींनी ओले पंख झटकले. गव्याच्या तोंडावर पाणी उडालं.

"मायभूमीच्या तर मांडीवर बसले होते रे मी, ती कशाला आठवण काढेल? आठवण काढली माझ्या आईने, आणि माझं माहेर आहे पलीकडच्या जंगलात."

तात्पर्य : राष्ट्राने गाणं घ्यावं ते मेलेल्याचंच. जिवंत गाणाऱ्याला कुठे ना कुठे माहेर निघतं.