भाऊरावांचे चार उपाय

जान्हवी कॉस्टिंगच्या पेपरात तीन मार्कांनी नापास झाली. पुनर्मूल्यांकनाचा अर्ज भरून चार महिने झाले, तरी विद्यापीठ ढिम्म. अंधेरीच्या कॉलेजात एम.कॉम.ची जागा मिळाली होती. पण तीस तारखेपर्यंत पास झाल्याचा निकाल दाखवला नाही, तर तीही जाणार होती.

शेवटी तिचे बाबा, भाऊराव, मुलुंडच्या त्यांच्या बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर राहणाऱ्या वकील शर्मिष्ठाताईंकडे गेले.

"आधी परीक्षा विभागाला पत्र," ताई म्हणाल्या. "उत्तर नाही आलं, तर तक्रार निवारण समिती. मग माहिती अधिकार. शेवटी नोटीस. एकेक पायरी चढायची, भाऊराव."

भाऊरावांनी त्याच दिवशी चारही अर्ज टाकले. नोटीस तर स्वतःच्या हातानं लिहिली, लाल शाईत.

"बाबा, ताई एकेक म्हणाल्या होत्या ना!"

"माका शिकवू नको गो. चारय बाजूंनी घेरूक होया!"

आठ दिवसांनी दोघं विद्यापीठाच्या खिडकीवर गेली. प्रीतम नावाचा क्लार्क हळहळला.

"तुमचा पेपर सोमवारी तपासायला जाणारच होता, मॅडम. गठ्ठा बांधून तयार! तेवढ्यात समितीनं मागवला. तिथून माहिती अधिकारवाल्यांनी झेरॉक्सला नेला. त्यांच्याकडून विधी विभागानं उचलला आणि नोटीस बघून सील केला."

"मग सील फोडा ना!"

"त्याला समितीचा आदेश लागतो. आणि समिती म्हणते, पेपर बघितल्याशिवाय आदेश कसा देणार?"

भाऊरावांनी जाळीला नाक लावलं. "मी सगळे अर्ज मागे घेतो."

"घ्या ना, काका. त्याचा पण अर्ज आहे. पंधरा दिवस लागतात."

"बाबा," जान्हवी म्हणाली, "वाट लावलीत माझी."

भाऊराव त्या दिवशी जेवले नाहीत. संध्याकाळी खाली मान घालून पुन्हा वरच्या मजल्यावर गेले. शर्मिष्ठाताई आधी पोट धरून हसल्या, मग त्यांनी दोन ओळींचा अर्ज लिहून दिला: तातडीने सुनावणी घ्यावी आणि सील समितीसमोरच फोडावं. एकोणतीस तारीख मिळाली.

भाऊरावांनी अकरा पानी भाषण लिहिलं, अगदी शुद्ध मराठीत. इस्त्रीचा सफारी घालून ते समितीसमोर उभे राहिले.

अध्यक्षबाईंनी सील फोडलं, पेपर चाळला आणि मध्येच थांबल्या. दोन पानं एकमेकांना चिकटली होती. पाचवा प्रश्न कुणी तपासलाच नव्हता. समितीतल्या कॉस्टिंगच्या सरांनी तो तिथल्या तिथे तपासला. नऊ मार्क. सगळं मिळून सहा मिनिटं.

"पास! पळ, ॲडमिशन घे," बाई म्हणाल्या.

जान्हवीनं टुणकन उडी मारली. भाऊराव मात्र अकरा पानं हातात धरून तसेच उभे.

"आणि माझं म्हणणं?"

"अहो, तुम्ही जिंकलात."

"असं कसं? न बोलता?"

बाईंनी घड्याळ पाहिलं. "बरं, बोला. पाच मिनिटं."

भाऊरावांनी घसा खाकरला. पहिलं पान उघडलं. मग लेकीकडे पाहिलं. ती हसता हसता रडत होती. पानावरची अक्षरं एकाएकी पुसट झाली.

"मंडळींनो," ते शुद्ध मराठी विसरून आपल्या मालवणीत म्हणाले, "बरा झाला."

आणि खाली बसले.