पेत्रूसाहेबांचा उजवा हात

पेत्रूसाहेबांचा उजवा हात कधी थांबत नसे. जेवताना ते डाव्या हाताने घास घेत आणि उजव्याने मांडीवर नसलेलं हँडल फिरवत. सेकंदाला दोन फेरे. मी घड्याळ लावून पाहिलं आहे. सोबत नाकातल्या नाकात एकच चाल.

ते रुमानियाचे. नाशकातल्या ज्या सिनेमा कंपनीत मी हिशेब पाहत असे, तिथे ते कॅमेरामन होते आणि आमच्याच माडीवर भाड्याने राहत. तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा. हात मंदावला की पडद्यावरची माणसं पळत सुटतात, म्हणून मनात एक चाल धरायची.

सगळं जग ते या चालीवर तपासत. धोब्याचं कपडे आपटणं "बराबर". रामकुंडावर भर आरतीत भटजींच्या घंटेला मात्र म्हणाले, "बराबर नाही." भटजींनी पुढे कित्येक दिवस मला ओळख दाखवली नाही.

आमच्या सौ.नी त्या हाताचा उपयोग ओळखला. "साहेब, रिकामा कशाला फिरवता? शेवयांचं यंत्र फिरवा." साहेबांच्या शेवया इतक्या एकसारख्या पडत, की गल्लीतल्या बायका आपापलं पीठ मळून आणू लागल्या.

पुढे बोलपट आले. कंपनीने मोटरवर चालणारा कॅमेरा आणला. पण मोटर सुरू झाली की साहेबांचा हात फिरे, चाल सुरू होई आणि मायक्रोफोन ती टिपून घेई. देव प्रकट झाला तरी मागे गुणगुण, राक्षस मेला तरी गुणगुण. शेवटी मालक म्हणाले, "साहेब, आणखी एकदा असं झालं तर तुमचं काम संपलं." गुणगुणणारा कॅमेरामन दुसरीकडे तरी कोण घेणार? मी उपाय सुचवला: दाताखाली अख्खी सुपारी धरायची, म्हणजे गप्प राहण्याची आठवण राहते. उपाय लागू पडला.

त्याच सुमारास आमची लेक बाळंतपणासाठी आली होती. एका दुपारी पाळणा हलवता हलवता तिचा डोळा लागला आणि बाळ रडू लागलं. साहेब खाली आले. त्यांनी दोरी धरली आणि तीच चाल म्हटली. बाळ निजलं, तरी दोरी सोडेनात.

"मेरी बेटी, इलियाना," ते म्हणाले. "मी काम शिकत होतो. एक हाथ पाळणा, एक हाथ हँडल. बायको गात होती."

"आता केवढी आहे?" सौ.नी विचारलं.

"एवढीच." त्यांनी पाळण्याकडे पाहिलं. "लढाईत ताप आला. दोघी गेल्या. पण हात चालू है, तो वो सोती है."

मेलेल्या मुलाला मांडीवर घेऊन राणी रडते, तो प्रसंग महिन्याभराने घ्यायचा होता. मी मालकांशेजारी उभा होतो. मोटर सुरू झाली. राणीने मुलाच्या केसांवरून हात फिरवला, आणि साहेबांच्या तोंडातली सुपारी पडून फरशीवर घरंगळली. गुणगुण सुरू झाली. राणीचं काम करणाऱ्या बाईंनी वर पाहिलं आणि त्या खरोखर रडल्या. इतक्या तालमींत त्यांना कधी असं रडू आलं नव्हतं.

"पुन्हा घेऊ," मालक म्हणाले.

"मला पुन्हा असं जमायचं नाही," बाई म्हणाल्या.

मालकांनी तो तुकडा ठेवला. साहेबांना ठेवलं नाही.

नाशिकरोडला आम्ही त्यांना गाडीत बसवलं. सौ.नी शेवयांचा डबा दिला. गाडी हलली तेव्हा त्यांनी चाकांचा आवाज ऐकला आणि आमच्याकडे पाहून मान हलवली. बराबर नाही.

चित्रपट लागला. कंपनीच्या माणसाला पास मिळत असे. मी मागितला नाही, दोघांची तिकिटं काढली. राणी रडू लागली आणि तिच्या मागे बारीक गुणगुण ऐकू आली. सौ.चा हात पदराखाली हळूहळू फिरत होता.

"यंत्र बिघडलेलं दिसतंय," शेजारचा गृहस्थ म्हणाला.

"गप बसा हो," सौ. म्हणाली. "लेकरू निजलंय."

बाहेर आल्यावर मी खिडकीवर पुन्हा आठ आणे दिले, दोघांचे, पुढच्या खेळाचे.