हनीन म्हणजे काय

नवं ताट किंवा वाटी घेऊन तुम्ही कसबा पेठेतल्या आमच्या गल्लीत आलात आणि त्यावर नाव घालून हवं असेल, तर पिंगळेकाका आधी तुमची तोंडी परीक्षा घेतात.

"नाव?"

तुम्ही नाव सांगता.

"अर्थ?"

इथे बहुतेकांची दांडी उडते. एकदा एक गृहस्थ स्वतःचं नाव घालून घ्यायला आले. प्रमोद. अर्थ विचारल्यावर ते नुसते बघत राहिले.

"प्रमोद म्हणजे आनंद," काकांनीच सांगितलं. "चेहऱ्यावरून कळलं नाही, म्हणून विचारलं."

भांड्यांच्या दुकानाच्या पायरीवर एक बुटकं टेबल, त्यावर सुईचं मशीन आणि मागे पिंगळेकाका, असा हा कारभार आहे. वय चौऱ्याहत्तर. शेजारी माझं चष्म्याचं दुकान, मध्ये पातळ भिंत. मशीनची घरघर मला दिवसभर ऐकू येते आणि ती थांबली की समजायचं, काका कुणाला तरी अर्थ विचारतायत. दुकानाचे मालक कपाळाला हात लावतात. पण काकांसारखं अक्षर दुसऱ्या कुणाचं नाही, म्हणून सहन करतात. "पुण्यात नावं ठेवणारे घरोघरी आहेत. नावं घालणारा शोधावा लागतो," हे काकांचं स्वतःबद्दलचं मत.

खराडीच्या आयटी कंपनीतलं एक जोडपं मुलाच्या बारशासाठी चांदीची वाटी घेऊन आलं होतं. नाव होतं तियांश.

"अर्थ?"

"काका, तिया म्हणजे पक्षी. नेटवर आहे. आणि अंश म्हणजे अंश," मुलाचा बाप म्हणाला. "खूप युनिक आहे."

"पक्ष्याचा अंश. म्हणजे तुकडा." काकांनी वाटी फिरवून पाहिली. "बारसं आहे की खानावळीचं उद्घाटन?"

ते जोडपं वाटी उचलून तरातरा गेलं. चार दिवसांनी परत आलं. मुलाचं नाव आता निरंजन होतं. आजीनं सुचवलं म्हणे. काकांनी इतक्या सुंदर अक्षरात नाव घातलं की मुलाच्या आईनं त्यांना वाकून नमस्कार केला.

काका नुसते कुजकट असते तर मी हे लिहायला बसलो नसतो. खराडीचाच एक जमीनदार घरातला माणूस आजोबांच्या वेळचा तांब्याचा हंडा घेऊन आला होता. हंड्याच्या काठाखाली 'दगडू' असं ठसठशीत नाव.

"हे तेवढं घासून काढा," तो म्हणाला. "नव्या फ्लॅटमधी शोपीस म्हणून ठिवायचाय. पाव्हणे वाचून हसत्यात."

"आजोबांच्या आधी घरात मुलं गेली होती का?" काकांनी विचारलं.

तो माणूस चपापला. "दोन गेली, असं आजी म्हणायची. तुमाला कसं ठाव?"

"म्हणून दगडू. मृत्यू दारात आला तर त्याला वाटावं, हा तर दगड आहे, याला काय न्यायचं. आईबापानं घाबरून ठेवलेलं नाव आहे ते. ते लागू पडलं, म्हणून तुम्ही आज शोपीस ठेवायला शिल्लक आहात."

त्यानं हंडा तसाच डोक्यापर्यंत उचलला, कपाळाला लावला आणि घेऊन गेला.

तर अशा या माणसापुढे गेल्या हिवाळ्यात एका सकाळी शमीमबाई येऊन उभ्या राहिल्या. भवानी पेठेत राहणाऱ्या, साठीच्या, सरकारी शाळेत तीस वर्षं मराठी शिकवून निवृत्त झालेल्या. हातात चांदीचा छोटा पेला.

"नातीसाठी आहे. नाव घाला, हनीन. न ला दुसरी वेलांटी."

"वेलांटी मला कळते. अर्थ?"

"तो मला माहीत नाही. मुलीनं ठेवलंय. ती मस्कतला असते. अरबी आहे, छान आहे, एवढंच म्हणाली फोनवर."

"छान हा अर्थ नव्हे बाई, तो अभिप्राय झाला."

शमीमबाईंनी चष्मा नाकावर खाली ओढला. त्यांच्या वर्गातल्या मुलांना ती खूण ओळखीची असणार. "अहो दादा, तीस वर्षं मी लोकांच्या मुलांना शब्दांचे अर्थ विचारले. आता निवृत्त झालेय. मला कुणी विचारू नये एवढीच इच्छा आहे."

मी माझ्या काउंटरमागे मोठ्यानं हसलो. काका हसले नाहीत.

"एकदा नाव घातलं की ते निघत नाही, बाई. अर्थ माहीत नसताना मी सुई टेकवत नाही."

"मग तुम्हीच शोधा. शुक्रवारी माझं विमान आहे, गुरुवारी येते. अर्थ सापडो न सापडो, पेल्यावर नाव दिसलं पाहिजे. पहिल्यांदाच बघणार आहे मी नातीला." पेला टेबलावर ठेवून त्या निघून गेल्या. काकांना त्यांच्याच पायरीवर कुणी गृहपाठ दिलेला मी पहिल्यांदा पाहत होतो.

दुपारी काका माझ्या दुकानात आले. "सुधीर, तुझ्या त्या फोनमध्ये बघ."

बघितलं. एका ठिकाणी अर्थ होता 'दयाळू', दुसरीकडे 'तीव्र इच्छा', तिसरीकडे म्हणे हे एका लढाईच्या जागेचं नाव. चौथ्या ठिकाणी अर्थ नव्हताच. शुभ अंक सहा, शुभ रंग पोपटी.

"अर्थ विचारला तर रंग सांगतात," काका म्हणाले. "ठेव तो फोन."

दोन दिवस ते गिऱ्हाइकांवर विनाकारण खेकसत होते. दूध आणायला निघालेल्या एका बाईंना त्यांनी त्यांच्या कुत्र्याच्या नावाचा अर्थ विचारला, तेव्हा मला दया आली. माझं एक जुनं गिऱ्हाईक आहे, सय्यदसर. आयुष्यभर कॉलेजात अरबी आणि फारसी शिकवलेले, आता कॅम्पात राहतात. त्यांना फोन केला आणि बुधवारी काकांना स्कूटरवर मागे बसवून निघालो. काकांनी इस्त्रीचा सदरा घातला होता. वाटेत मंडईत थांबून अर्धा किलो पेरू घेतले. "विद्वानाकडे रिकाम्या हातानं जाऊ नये," म्हणाले, आणि पेरूवाल्याशी दहा मिनिटं भांडले.

सय्यदसरांनी पेरू हुंगून बाजूला ठेवले आणि कागदावर उजवीकडून डावीकडे ते नाव लिहिलं.

"लढाईचं गाव वेगळं, त्याचा उच्चार हुनैन. हे हनीन. आता याला मराठी शब्द द्यायचा तर..." ते थांबले. "ओढ म्हणता येईल. पण नुसती ओढ नाही. जुन्या अरबांनी हा शब्द उंटिणीसाठी वापरलाय. समजा तांडा निघालाय. उंटीण तांड्याबरोबर पुढे चाललीय आणि तिचं पिल्लू मागे राहिलंय. तिला थांबता येत नाही. मग ती चालता चालता मान मागे वळवते आणि घशातून एक लांब, खालच्या पट्टीतला आवाज काढते. त्या आवाजाला हनीन म्हणतात."

काकांच्या हातातला चहाचा कप तसाच राहिला.

"गाय हंबरते तसं," ते हळूच म्हणाले.

"अगदी तसंच. पुढे माणसांसाठी वापरायला लागले. घराची ओढ, गावाची ओढ, आपल्या माणसाची ओढ. दया, माया यांचे शब्दही याच धातूतून आलेत, त्यामुळे तुमच्या फोननं अगदीच थाप मारली नाही." मग सर पुढे वाकले. "पण सुई जपून चालवा हं. या पहिल्या अक्षराखाली चुकून एक टिंब पडलं, तर ह चा ज होतो. मग तो शब्द जनीन. म्हणजे गर्भ, पोटातलं मूल."

काकांनी कागद घडी न घालता, दोन्ही हातांत धरून स्कूटरवर दुकानापर्यंत आणला. येताना ते एक अक्षर बोलले नाहीत. पिंगळेकाका गप्प बसल्याचा मला त्रास होऊ शकतो, हेही मला त्या दिवशी कळलं.

गुरुवारी सकाळपासून त्यांनी डब्यांच्या झाकणांवर सराव मांडला. आयुष्यभर डावीकडून उजवीकडे चाललेला हात उलटा चालेना. सहा झाकणं वाया गेली. त्यातल्या दोहोंवर टिंब पडून गर्भ उमटला होता. सातव्याला जमलं. मग त्यांनी पेला घेतला आणि एका बाजूला देवनागरीत, दुसऱ्या बाजूला अरबीत नाव घातलं. श्वास धरून चार टिंबं दिली. अर्धा तास मशीन एकसारखं घरघरत होतं.

चारच्या सुमाराला शमीमबाई आल्या. "सापडला का अर्थ, की नापास?"

काकांनी सगळं सांगितलं. तांडा, मागे राहिलेलं पिल्लू, वळलेली मान. नेहमीचा तिरकस सूर कुठे गेला होता कोण जाणे. शमीमबाई ऐकत होत्या. पेला हातात घेऊन त्यांनी अंगठा त्या अक्षरांवरून फिरवला.

"लग्न करून गेली त्याला सहा वर्षं झाली," त्या म्हणाल्या. "फोनवर विचारलं की म्हणते, मजेत आहे अम्मी. कधी म्हणून रडली नाही. मला वाटायचं, मुलगी रमली. आठवणसुद्धा येत नसेल." त्यांनी पदरानं पेला पुसला. पुसण्यासारखं त्याच्यावर काही नव्हतं. "आणि नाव हे ठेवलंन. मराठीच्या मास्तरणीला अर्थ सांगायची लाज वाटली असेल तिला."

"तोंडानं सांगता येत नाही, म्हणूनच लोक नाव ठेवतात," काका म्हणाले.

निघताना त्या पायरीवर थांबल्या. "दादा, हे अर्थाचं वेड तुम्हाला कधीपासून?"

काकांनी पुढच्या गिऱ्हाइकाचं ताट ओढून घेतलं. सुई काढली, टेबल पुसलं आणि साडेपाचला घरी गेले. रोज साडेपाचला जातात. गिऱ्हाईक समोर उभं असलं तरी जातात.

त्या दिवशी त्यांचा चष्मा माझ्या काउंटरवर राहिला. चष्म्याशिवाय त्यांना हाताची बोटं मोजता येत नाहीत, म्हणून लगेच दुकान बंद करून मी तो द्यायला गेलो. त्यांचं घर दोन गल्ल्या सोडून आहे. पंधरा वर्षं शेजारी बसूनही मी तिथे कधी गेलो नव्हतो. पुण्यात यात विशेष काही नाही.

दार उघडंच होतं. उंबऱ्याशी एक वयस्कर बाई उभ्या होत्या. नीट नेसलेलं लुगडं, पायात चपला, हातात कापडी पिशवी. काका त्यांच्या मागे उभे राहून स्वेटरची बटणं लावून देत होते.

"ही आमची मंडळी," मला पाहून ते म्हणाले. "आत येऊ नकोस, आम्हीच निघालोय."

"कोण आलंय? माहेरून दादानं पाठवलंय का?" काकूंनी मला विचारलं.

"हो," माझ्याऐवजी काकांनीच उत्तर दिलं. "चल गोदे, निघू."

मी गोंधळलो. काकूंचं नाव सुनंदा आहे, हे गल्लीत सगळ्यांना माहीत होतं. चालता चालता काकांनी सांगितलं. काकू मध्ये, आम्ही दोघं दोन बाजूंना.

"माहेरचं नाव गोदावरी. माझ्या आत्याचं नाव तेच. सुनेला हाक मारली तर आत्या ओ देईल, म्हणून लग्नात बदललं. तांदळाच्या ताटात अंगठीनं मीच लिहिलं, सुनंदा. तिला विचारलं नाही. तेव्हा कुणीच विचारत नसे." ते एका सायकलसाठी थांबले. "तीन वर्षांपूर्वी हिचं विसरणं सुरू झालं. आधी गॅस, मग मुलांची नावं. मग एके दिवशी सुनंदा म्हणून हाक मारली, तर वळलीच नाही. दहा वेळा मारली. शेवटी गोदे म्हटलं, तर पहिल्यांदा बघावं तशी बघायला लागली. पन्नास वर्षं मी जिला हाक मारत होतो, ती सुनंदा माझी एकट्याचीच होती. तेव्हापासून नाव घालताना अर्थ विचारल्याशिवाय मला राहवत नाही."

"आणि हे रोज फिरायला?"

"रोज कुठलं! साडेपाच वाजले की ही पिशवी घेऊन दारात. मला घरी सोडा म्हणायची. माहेर कोपरगावला, गोदावरीच्या काठावर. तिथे आता कुणी नाही. मी आपला रोज घरी येऊन समजावत बसायचो, अगं हेच तुझं घर. चिडायचो. दाराला कडी घालायचो." काकांनी काकूंचा हात धरून त्यांना रस्त्याच्या कडेला घेतलं. "काल सर ते उंटिणीचं बोलले. तांडा काय थांबत नाही. पण तिला मान तरी वळवू द्यावी की नाही? आज पहिल्यांदाच कडी काढली."

आम्ही पुलावर पोचलो. खाली मुठा होती, म्हणजे जी काय असते ती, काळी आणि कडेला जलपर्णी साचलेली. मला संकोच वाटला. पण काकू कठड्याला धरून खाली बघू लागल्या आणि त्यांचा चेहरा सैल झाला. त्यांनी पिशवी खाली ठेवली.

"पाणी किती कमी झालंय," त्या म्हणाल्या.

"वर धरण झालंय गोदे," काका म्हणाले. "सोडतील थोड्या वेळात."

"मग थांबू या."

"थांबू की."

काकांनी चष्मा माझ्या हातातून घेतला, पण डोळ्यांना लावला नाही. खिशात ठेवला आणि तेही काकूंच्या शेजारी कठड्याला टेकून पाण्याकडे बघत उभे राहिले.